कपाटावरच्या भिंगाची विल्हेवाट

मी, खाली सही करणारी, भिंगं घासून जन्म काढलेली आणि गल्लीत 'भिंगवाली' म्हणून ओळखली जाणारी बाई, हे मृत्युपत्र माझ्या हाताने, माझ्या मर्जीने, कोणाच्याही दडपणाशिवाय लिहीत आहे. माझं डोकं ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत टाचला आहे. दाखला देताना ते म्हणाले, "आजी, तब्येत ठणठणीत आहे तुमची. एवढी घाई कशाला?" त्यांना काय सांगू, कपाळ! मी घाबरले आहे. शहाण्या माणसाने घाबरू नये असं कायद्यात कुठे म्हटलेलं नाही, म्हणून तेही इथेच लिहून ठेवते.

कलम १. राहतं घर, पुढचं दुकान आणि मागची खोली माझी एकुलती एक मुलगी ठकी हिला मिळावी. जिन्याची वरची पायरी हलते. सुतार बोलव, बोलव म्हणून तिच्या मागे लागून माझी जीभ झिजली. आता घर तिचं, पायरीही तिचीच.

कलम २. घासकामाची चाकं, चिमटे आणि पॉलिशचे कपडे शेजारच्या घड्याळजींना द्यावेत. त्यांचा हात हलका आहे. समोरच्या शिंपीणबाईंसाठी माझी जड इस्त्री ठेवायची होती, पण साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही देता येत नाही म्हणे. म्हणून इस्त्री आज सकाळीच त्यांच्या हातात ठेवली आहे.

कलम ३. माझ्या धाकट्या दिरांना काहीही मिळू नये. यजमान गेले तेव्हा हे भेटायला आले, डोळे पुसले, आणि जाताना "दादाची आठवण" म्हणून आमच्या दुकानाची पाटी काखोटीला मारून गेले. आता त्या पाटीखाली साध्या काचा भिंगं म्हणून विकतात. पाटी त्यांनाच लखलाभ. ती पुसताना दर वेळी माझा चेहरा समोर यावा आणि त्या दिवशीचं जेवण अळणी लागावं, एवढीच इच्छा.

कलम ४. मागच्या खोलीत, कपाटावरच्या कोपऱ्यात टांगलेलं काळभिंग.

ज्यांच्या घरी ते नाही त्यांच्यासाठी सांगते. तळहाताएवढी काच असते. तिच्यासमोर जे घडतं ते तिच्यात मुरत जातं. पुढे कधीही ती बघायच्या पेटीत बसवायची, खिटी फिरवायची, की तो दिवस समोर उभा, आवाजासकट. आम्ही नवरा-बायकोने हीच भिंगं घासली आणि दुकानात पेटी ठेवून लोकांना त्यांचे गेलेले दिवस दाखवले.

पण बघण्याचा त्रास होतो, तो ज्याला बघतात त्याला. पुढच्या काळातून कोणी बघत असेल तर त्या क्षणी त्या माणसाची मान जड होते, कोपऱ्यात कोणीतरी बसलंय असं वाटतं. म्हणून आमचा शिरस्ता होता, चहाचा कप संपला की गिऱ्हाइकाने उठायचं. काही उठत नसत. पेटीला कपाळ टेकून बसून राहत, आणि दिवस प्रत्येकाचा तोच, आपल्या माणसाचा शेवटचा. यजमान त्यांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणत, "उठा आता. तिकडे त्यांची मान दुखत असेल."

यजमान गेले त्या सकाळी सारखे मान चोळत होते. "कोण गं एवढं टक लावून बघतंय?" मी म्हटलं, काहीतरीच तुमचं. ते हसले. "असू दे. सोबत आहे." दुपारी गेले. त्यांची ती सकाळ बघायला नंतर पेटीशी कोण बसलं, ते वेगळं सांगायला नको.

आज उठल्यापासून माझी मान जड आहे. यापूर्वीही व्हायची, पण कोणी दारातून डोकावून जावं तशी. आज उतरतच नाही. ठकी, तूच आहेस ना? कप कधीच संपला असेल, तू काही उठत नाहीस. म्हणजे आजच.

भाजी चिरायला घेतली होती, विळी उचलून फडताळात टाकली. शेगडी विझवली. जिन्याकडे फिरकले नाही. डॉक्टरांना मुद्दाम बसवून ठेवलं आहे. काय येणार आणि कुठून, हे तुला ठाऊक आहे, मला नाही, आणि तुला ओरडूनही सांगता येत नाही. मुलीने आईला अशी घाबरलेली बघू नये.

म्हणून सक्त सूचना: मी गेल्याबरोबर हे भिंग न बघता फोडावं आणि काचा मातीत पुराव्यात. माझी शपथ आहे.

कलम ५. वरची ओळ लिहून पूर्णविराम दिला आणि मान हलकी झाली. एकदम. कोपरा रिकामा झाला.

मी म्हटलं, "गेली."

"कोण गेली हो?" शिंपीणबाईंनी विचारलं.

ठकी गेली. जन्मात माझं एक ऐकलं नाही या पोरीने, आणि ऐकलं तर नेमकं हे! खोलीत आम्ही तिघं आहोत, डॉक्टर माझी नाडी धरून आहेत, तरी एवढी एकटी मी कधीच नव्हते. भीती होती तिथेच आहे. जे यायचं ते येणारच आहे. फक्त आता माझ्याकडे माझं कोणी बघत नाही.

सबब, कलम ४ मधील भिंग फोडण्याची सूचना आणि शपथ मी पूर्ण शुद्धीत रद्द करत आहे. त्या ओळींवर माझ्या हाताने रेघ मारली असून साक्षीदारांनी ती पाहिली आहे. भिंग आणि पेटी ठकीला मिळावी.

ठकी, बघ. कप संपला तरी उठू नकोस. आई घाबरलेली दिसेल, दिसू दे. तोंड तुझ्याकडेच करून बसते.

मान जड झाली. आलीस? बस.

सही: भिंगवाली

साक्षीदार: १. समोरच्या शिंपीणबाई २. दाखला देणारे डॉक्टर

ठिकाण: मागची खोली, कपाटासमोरची खुर्ची

तारीख: आजची. कोणती, ते ठकीला ठाऊक आहे.