चौथे नाव

मी नागाबाई भ्रतार सुदाम सोमवंशी, वय ६७ वर्षे, शिक्षण सातवी, धंदा पूर्वी डाळमिलमध्ये मुकादम व हल्ली घरी, राहणार उदगीर, जिल्हा लातूर, आज हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहून ठेवते. मला चष्म्याने नीट दिसते, तारीख-वार कळतो, माणसे ओळखू येतात. हात कापतो म्हणून अक्षर वाकडे येईल, पण अक्षर माझेच आहे. लातूरच्या डॉक्टरांनी छातीचा फोटो पाहून सांगितले की डाळीची धूळ फुप्फुसात बसली आहे, ती आता निघायची नाही. किती दिवस, ते त्यांनी सांगितले नाही. मीही विचारले नाही. यापूर्वी मी कुठलेही मृत्युपत्र केलेले नाही.

कलम १. माझे वारस असे : मुलगा व्यंकट, ऑटोरिक्षा चालवतो. सून राजकन्या. नात ज्ञानेश्वरी, नांदेडला नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला. माझे मालक सुदाम मोंढ्यात, धान्याच्या बाजारात, हमाल होते. १९९६ साली पोत्यांची थप्पी सरकली आणि ते खाली सापडले. पोते तेव्हा शंभर किलोचे असे आणि एका माणसाच्या पाठीवर असे. पुढे बऱ्याच वर्षांनी पोती पन्नासची झाली. ते ऐकले तेव्हा मी भाकरी करत होते, तशीच करत राहिले.

माझ्या वडिलांनी, लिंबाजींनी, मृत्युपत्र केले नाही, कारण द्यायला काही नव्हते. ते देवणी तालुक्यात सालगडी होते. पाडव्याला साल ठरायचे : इतकी ज्वारी, एक घोंगडी, एक चपलांचा जोड. पुढच्या पाडव्यापर्यंत माणूस धन्याचा. गावात सातवीपर्यंत शाळा होती म्हणून मी सातवी शिकले. बहात्तरच्या दुष्काळात खडी फोडायला गेले, तेव्हा मस्टरवरची नावे मोठ्याने वाचायला साहेब मला उभे करायचे. चौदा वर्षांची होते. नावे वाचता येतात एवढ्याच गुणावर पुढे मिलमध्ये मुकादम झाले.

कलम २. अंगावरची बोरमाळ व कानातली फुले नात ज्ञानेश्वरी हिला द्यावीत. बँकेत जे असेल तेही तिच्या शिक्षणाला. ती शिकून दवाखान्यात लागली तर तिने रात्रपाळीचे रजिस्टर लिहावे, औषधे द्यावीत, जे असेल ते काम करावे. पण कुणाला ठेवायचे आणि कुणाला काढायचे हे ठरवायचे काम अंगावर आले तर नाही म्हणावे. मी आजी म्हणून एवढेच सांगते.

कलम ३. घर. उदगीर येथील माझे राहते घर, तीन खोल्या, स्लॅबचे. पूर्वेस रस्ता, पश्चिमेस नाला, दक्षिणेस रिकामा प्लॉट, उत्तरेस उमादेवीबाईंची भिंत. हे घर माझ्या नावावर असून स्वकष्टार्जित आहे. स्वकष्टार्जित हा शब्द शेजारच्या उमादेवीबाईंनी सुचवला. त्या निवृत्त शिक्षिका आहेत, त्यांना कागद कळतात. पण शब्द पुरता खरा नाही. का, ते लिहिल्याशिवाय पुढची वाटणी कुणाला समजायची नाही, म्हणून लिहिते.

मी १९८१ साली डाळमिलमध्ये तूरडाळ निवडायला लागले. खाली बसायचे, सूप पुढ्यात, खडा, काळी डाळ, साल राहिलेली डाळ वेगळी काढायची. माझ्या शेजारी लक्ष्मम्मा बसायची. ती देगलूरकडची, घरी तेलुगू बोलायची, मला अक्का म्हणायची. तिची जात आमच्याहून खालची धरत. पहिली तीन वर्षे मी तिला वरून पाणी ओतले, ती ओंजळीने प्याली. नंतर एकदा पाणी ओतायला कुणी नव्हते, तेव्हा ती माझ्याच तांब्याने प्याली. पुढे आम्ही एकाच डब्यात जेवू लागलो. नवरा टाकून गेल्यावर तिने एकटीने मुलगी वाढवली. अंजू तिचे नाव. मुलगी नववीला होती आणि गणितात हुशार होती, हे लक्ष्मम्मा रोज सांगायची.

२००४ साली कॅमेऱ्याची मशीन आली. मिलचे मालक शिवशंकरअप्पा यांनी आम्हा सगळ्या बायांकडून तिला हळदकुंकू वाहून घेतले, नारळ फोडला. खडा दिसला की मशीन हवेने उडवायची. पंधरा दिवस आम्ही तिच्या मागे बसून तिचा माल तपासला. तिच्याकडून फार काही सुटत नव्हते.

सोळाव्या दिवशी अप्पांनी मला पेढीवर, त्यांच्या गादीपाशी बोलावले.

“नागाबाई, तुला धरून चार बाया लागतील. मशीनीवर नजर ठेवायला. कोण कोण, ते तू लिहून दे.”

“अप्पा, आम्ही एकतीस जणी हाव.”

“हाव ना. म्हणून तर तुला म्हणून राहिलो. तुला त्या समद्या ठाऊक. मला तुमच्यात पडायचं न्हाई.”

हजेरीच्या वहीतले एक पान फाडून मी बसले. पहिले नाव माझे. दुसरे आणि तिसरे, ज्यांची नजर सगळ्यात चांगली त्या दोघींचे. त्याबद्दल आजही माझी काही तक्रार नाही. चौथे नाव कामाच्या वर्षांनी लक्ष्मम्माचे होते. तिच्या डोळ्यांत मोतीबिंदू धरत होता. दोन वर्षांपासून तिच्या सुपावरून मी एकदा नजर फिरवत होते, अप्पांना ते माहीत नव्हते. तिला पोत्यांची तोंडे शिवायला ठेवता आले असते. सुतळीची शिवण ती न बघता घालायची. हे सगळे मला त्या वेळी सुचले होते. सुचले नव्हते असे मी लिहिणार नाही.

चौथे नाव मी माझ्या सुनेचे, राजकन्याचे लिहिले. तिला कामाला लागून आठ महिने झाले होते.

लक्ष्मम्माला वाचता येत नव्हते. दुपारी डबा खाताना तिने विचारले, “अक्का, माजं नाव कितवं आहे?”

मी म्हणाले, “तुझं न्हाई.”

“बरं,” ती म्हणाली. डबा धुतला, सूप झटकले आणि पुन्हा जागेवर येऊन बसली. त्या दिवशीचे काम तिने सुट्टी होईपर्यंत केले. मी सवयीने तिच्या सुपावरून नजर फिरवली. दोन खडे राहिले होते, ते काढले.

त्यानंतर ती अंजूला घेऊन धर्माबादला गेली. तिथे मिरचीचा मोठा बाजार आहे, मिरचीचे देठ खुडायला बाया लागतात. अंजूची शाळा सुटली ती सुटलीच. मी एकदा, २००९ साली, तिकडे गेले. ढिगाभोवती बाया बसल्या होत्या, नाकातोंडाला फडकी. लक्ष्मम्माचे डोळे लाल होऊन पाणी गळत होते. मी हाक मारली.

“कोण? अक्का? जेवलीस का?” ती म्हणाली.

मी सांगायला गेले होते ते सांगितले नाही. तिच्या डब्यातली भाकरी खाल्ली, बोटे दिवसभर जळत राहिली आणि संध्याकाळच्या गाडीने परत आले. २०११ साली ती वारली. मला चार महिन्यांनी कळले.

इकडे दोन बायांची मजुरी एका घरात येत होती. त्यातून स्लॅब पडला, फरशी बसली, व्यंकटची रिक्षा झाली.

कलम ४. वरील कारणास्तव घराची वाटणी अशी : रस्त्याकडची खोली, तिच्या दारासह, लक्ष्मम्माची मुलगी अंजू, हल्ली राहणार भोकर, जिल्हा नांदेड, हिला मालकी हक्काने द्यावी. मागच्या दोन खोल्या सून राजकन्या हिला, तिच्या एकटीच्या नावाने. मुलगा व्यंकट यास घरात नावाने हिस्सा नाही. बायकोने राहू दिले तर त्याने राहावे. ती राहू देईल.

राजकन्याला मी हे आधी वाचून दाखवले. ती भांडी घासत होती. म्हणाली, “आत्या, वीस वर्षं त्या मशीनीपुढं मी उभी हाय. ती मजुरी माझी न्हाई का? तवा मला कुणी इचारलं होतं? सांगितलं असतं तर मी न्हाई म्हणले असते.”

मी म्हणाले, “म्हणली असतीस?”

तिने घासलेलेच ताट पुन्हा घासले. मग म्हणाली, “म्हायती न्हाई.”

तिची मजुरी तिचीच आहे. म्हणून खोल्या तिच्या नावाने लिहिल्या. व्यंकट पंधरा दिवस माझ्याशी बोललेला नाही. जेवतो आणि जातो. त्याच्यावर माझा राग नाही. त्याने हे मृत्युपत्र कोर्टात नेऊ नये, वकिलाच्या पायऱ्या चढून खोली मोठी होत नाही.

कलम ५. अंजूला हे कळावे म्हणून मी मार्चमध्ये भोकरला जाऊन आले. ती आता पस्तिशीची आहे. हंगामात जिनिंगमध्ये सरकी-कापसाचे काम करते, एरवी शाळेत पोरांची खिचडी शिजवते. तिला दोन मुली आहेत. मी चौथ्या नावाचे सगळे सांगितले. ती ऐकत तांदूळ निवडत होती.

“आईला त्याच दिवशी कळलं होतं, मावशी,” ती म्हणाली. “तुमची सून मशीनीवर ऱ्हायली, मग कळणारच की. घरी येऊन म्हणली, मी आसते तर मीबी अंजूलाच ठेवले आसते.”

“म्हणजे ती रागावली न्हाई?”

“रागावली की. लई. मरेस्तोवर घरात तुरीची डाळ येऊ दिली न्हाई तिनं. माझ्या पोरींना वरण ठाऊक न्हाई अजून.”

खोलीचे सांगितल्यावर तिने मान हलवली. “उदगीरला येऊन मी काय करू? माझं समदं हितं हाय. मला नको.”

मी म्हणाले, “राहू नकोस. भाड्याने दे, विक.”

“तुमाला लिहायचं तर लिहा,” ती म्हणाली. “मी सही करायला येईन का नाही, ते तवाचं तवा बघू.” मग तिने मला चहा दिला आणि गाडीपर्यंत सोडायला आली. वाटेत आम्ही उन्हाळ्याबद्दल बोललो.

म्हणून असे लिहिते : अंजूने खोली घेतली नाही तर ती तिच्या दोन मुलींची, त्या अठरा वर्षांच्या होईपर्यंत खोलीला कुलूप राहील. त्यांनीही घेतली नाही तरी ती माझ्या वारसांकडे परत येणार नाही. उमादेवीबाईंनी ती विकून आलेली रक्कम धर्माबादला मिरची खुडणाऱ्या बायांच्या डोळे तपासणीला लावावी.

कलम ६. मागच्या वर्षी मिलला पन्नास वर्षे झाली, तेव्हा अप्पांचे चिरंजीव वीरेशशेठ यांनी मला शाल व नारळ दिला. भाषणात ते म्हणाले की आमच्या मिलने एकाही बाईला कधी काढले नाही. मी खुर्चीवर बसले होते, टाळ्या वाजवल्या. ते खोटे बोलत नव्हते, त्यांना तसेच सांगितलेले असणार. अप्पा त्या कार्यक्रमाआधीच गेले. ती शाल माझ्या मयतावर घालू नये. थंडीत ज्याला लागेल त्याला द्यावी.

कलम ७. माझे दिवस थोडक्यात करावेत. तेराव्याच्या जेवणात वरण करू नये. पाहुणे विचारतील, त्यांना कारण सांगायची गरज नाही. मिलमधल्या जुन्या बायांपैकी ज्या हयात आहेत त्यांना निरोप पाठवावा. कुणी आली नाही तर पुन्हा बोलावू नये.

कलम ८. या मृत्युपत्राची अंमलबजावणी उमादेवी मलप्पा स्वामी यांनी करावी. त्यांनी हे दोनदा वाचले व काही शब्द दुरुस्त केले. कलम ३ मधला मजकूर कायद्याला लागत नाही, काढला तरी चालेल, असे त्या म्हणाल्या. मी काढला नाही.

हे सर्व लिहिताना मला कोणी भरीस घातलेले नाही, धाक दाखवलेला नाही, गुंगीचे औषध माझ्या पोटात नाही. त्या दिवशीही यातले काही नव्हते. अप्पांनी आकडा सांगितला होता. नावे मी लिहिली.

ठिकाण : उदगीर
दिनांक : १२ मे २०२५

सही : नागाबाई भ्र. सुदाम सोमवंशी

आम्हा दोघांसमक्ष नागाबाईंनी वरील मजकूर वाचून दाखवला व सही केली, म्हणून आम्ही एकमेकांसमक्ष साक्ष घातली :

१. उमादेवी मलप्पा स्वामी, सेवानिवृत्त शिक्षिका, उदगीर
२. धम्मानंद किशन गायकवाड, झेरॉक्स दुकान, तहसीलसमोर, उदगीर