एकेचाळीस घरांची यादी

२१ ऑक्टोबर २०२४, सोमवार

पुन्हा त्याच बाईचा फोन! तिसऱ्यांदा. नाव बलजीत कौर. कानपूरहून बोलते म्हणाली. "विद्याधर जी से मिलना है. चौरासी के बारे में."

चौरासी म्हणजे शिखांची कत्तल झाली ते साल. बाबा तेव्हा कानपूरला रेशनच्या कचेरीत कारकून होते, हे तिला कुणी सांगितलं? माझा नंबर कुठून मिळाला? विचारलं तर म्हणे, "ढूँढने से सब मिल जाता है, बेटा." बेटा! ओळख ना पाळख. मी फोन ठेवून दिला.

नवऱ्याचं, मकरंदचं, म्हणणं फसवणूक असेल, हल्ली असलेच फोन येतात. असेल. पण फसवणारी माणसं इतकं सावकाश बोलत नाहीत.

२२ ऑक्टोबर

बाबांना सांगितलं. चहाचा कप तोंडाशी नेता नेता थांबले. "किती वयाची आहे?" कोण, कशाला — काही विचारलं नाही. आधी वय!

मग म्हणाले, "मी तेव्हा रजेवर होतो. तुझा जन्म नाही का."

खरंच की. लहानपणापासून ऐकत आलेय. माझा जन्म एक नोव्हेंबरचा, इथे झाशीतलाच. बाबा दोन दिवस आधी आले होते, दवाखान्याच्या पायरीवर रात्रभर बसले होते, मला पहिल्यांदा त्यांनीच घेतलं. मग आज पुन्हा सांगायची काय गरज होती?

२४ ऑक्टोबर

मी आंघोळीला गेले तेवढ्यात माझ्या फोनवर त्या बाईचा नंबर ब्लॉक झाला. बाबा म्हणाले, "मला कुठे येतं ते?" रेल्वेची तिकिटं स्वतः काढतात फोनवर! येतं.

२६ ऑक्टोबर, शनिवार

शाळा सुटल्यावर लक्ष्मी गेटला अनुसूया आत्याकडे गेले. चकलीची भाजणी द्यायचं निमित्त. सहज विषय काढला, बाबा पायरीवर बसले होते ना माझ्या वेळी?

आत्या हसायलाच लागली. "विद्या? अगं, तो कुठला इथे! तिकडे कर्फ्यू, गाड्यांचा पत्ता नाही. तुझं बारसं झालं, त्याच्याही नंतर आला तो. दाढी वाढलेली, शर्ट मळका. तुला हातात घेईचना! वहिनी किती रडली."

"मग पायरीवर कोण होतं?"

"आमचे हे."

रिक्षाही केली नाही. चालत आले घरी.

२७ ऑक्टोबर

चाळीस वर्षं! माझ्याच जन्माची खोटी गोष्ट मला सांगत आले.

२९ ऑक्टोबर, मंगळवार

घरात सलोनी होती. पोरीसमोर नको म्हणून बाबांना लक्ष्मी तालावर, तळ्याकाठी फिरायला नेलं. बाकावर बसल्याबरोबर विचारलं, तुम्ही कानपूरलाच होतात ना?

पाण्याकडे तोंड फिरवलं. मग एकदम बोलायला लागले.

"साहेबांनी बोलावलं. खोलीत दोन माणसं होती, मी कधी न पाहिलेली. साहेब म्हणाले, वॉर्डातल्या सरदारांची घरं रजिस्टरवरून उतरवून दे. संरक्षण द्यायचंय. दिली मी. नाव, घर नंबर, घरात माणसं किती."

"किती घरं?"

"एकेचाळीस."

"मग?"

"दुसऱ्या दिवशी खिडकीतून बघितलं. तीच पानं हातात घेऊन लोक फिरत होते. एक जण नंबर वाचायचा, बाकीचे आत शिरायचे. अक्षर माझं. लांबून ओळखलं."

"कुणाला सांगायला गेलात?"

"नाही. कडी लावून बसलो."

"ओळखीचं होतं कुणी?"

"छे! त्यातल्या एकालाही ओळखत नव्हतो मी." हे मात्र फार चटकन बोलले.

रडले. मी हात धरून ठेवला. संरक्षणासाठी यादी हवीय म्हटल्यावर कुणीही लिहिली असती. शाळेतून मीसुद्धा धर्मवार, जातवार किती याद्या पाठवते! कशाला हव्यात, कधी विचारलंय?

१ नोव्हेंबर

चाळीस पूर्ण. बाबा खोलीतून बाहेर आले नाहीत.

४ नोव्हेंबर, सोमवार

मीच बलजीतजींना फोन केला. यादीचं काही बोलले नाही. या म्हटलं, शनिवारी.

बाबांना कळवलं. चिडले नाहीत. म्हणाले, "येऊ दे. संरक्षणासाठी मागितली होती, असंच सांगू."

सांगू? असंच सांगू म्हणजे काय?

८ नोव्हेंबर

तिला काय हवंय? केस करायचीय? शिव्या द्यायच्यात? देऊ दे. पण बाबा आज दिवसभर आरशासमोर काहीतरी पुटपुटत होते. मी गेले की गप्प.

९ नोव्हेंबर, शनिवार

आल्या. छप्पन-सत्तावन्नच्या, मिठाईचा डबा घेऊन. आल्या आल्या बाबांच्या पाया पडल्या! म्हणाल्या, "पूरी गली जली, बाबूजी, हमारा घर नहीं. राशन कार्ड हमारा भी था, पर उनके काग़ज़ पर हमारा नाम ही नहीं था. माँ मरते दम तक कहती रही — मराठी बाबू ने छोड़ दिया होगा. दो साल हमारे चूल्हे की रोटी खाई थी आपने. शुक्रिया कहने आई हूँ."

बाबांनी दोन्ही हातांनी तोंड झाकलं. बलजीतजींना वाटलं, गहिवरले.

संरक्षणाच्या यादीतून आपल्या माणसांचं नाव कुणी गाळत नाही. लिहितानाच ठाऊक होतं त्यांना.