राखाडी गाडीची खोड

९ मार्च, सोमवार
सकाळची हजेरी घेतली. कारभारणीचा गुडघा? "आहे तिथंच आहे, पळून कुठं जातोय." पोरगा संतोष रात्रपाळीहून आलेला. पाठ कशी रे? "बरी हाय अण्णा, झोपू द्या." पिंकीचा खोकला? तिनं खोकून दाखवला, पण तो शाळा बुडवायचा खोकला. सूनबाई कविताचा खांदा? "बरा आहे, मामा." (पुढं नुसतं क. लिहीन, शाई वाचते.) बरा म्हणते, पण केसांवरून फणी अजून डाव्या हातानंच फिरवते. माझी साखर क.नंच मोजली. नर्स घरात असली की चोरून जिलेबी खाता येत नाय.

क.ला बिडकीनच्या एका दवाखान्याचं पत्र आलंय. अंथरुणाला खिळलेल्या म्हाताऱ्यांच्या घरी जायचं, गावोगाव. पट्टी, इंजेक्शन, रक्त काढून आणायचं. चार मेपासून. अट एकच, स्वतःची चारचाकी पाहिजे. पत्राची घडी घालून तिनं पिठाच्या डब्याखाली सारली. "मला जमायचं नाय." मागल्या साली पैठण रोडच्या वळणावर तिची स्कूटी मधेच बंद पडली, मागून पिकअपनं उडवलं. तेव्हापासून कुठल्याच गाडीला हात नाय. चारचाकीचं लायसन लग्नाआधीचं, पेटीत पडलंय.

म्हणालो, गाडीचं मी बघतो.
कारभारीण : "तुम्हाला शेरडातलं कळतं. गाडीतलं काय कळतंय?"
खरंय. पण चौथीनंतरचं सगळं मी असंच शिकलो. कंपनीच्या गेटवर सव्वीस वर्षं बसून पेपर वाचायला, टेम्पो चालवायला. हेही शिकू.

११ मार्च, बुधवार
दुपारभर मोबाइलवर व्हिडिओ. जुन्या छोट्या गाडीत काय काय बिघडतं. स्टेअरिंग पूर्ण वळवून हळू फिरवली आन् चाकातून कट्‌कट् आलं तर एक्सलचा सांधा गेला, माणसाच्या गुडघ्यागत. (कारभारणीला वाचून दाखवलं. "मग मलापण विकून टाका.") क्लच लई वर येऊन सुटला तर प्लेट संपत आली. ऑइलच्या झाकणाखाली ताकासारखा साका दिसला तर दुरून नमस्कार, पाणी ऑइलात मिसळतंय. टायर एकाच अंगानं झिजला तर गाडी लंगडते. पायाखालची चटई उचलून बघायची, दाराच्या खालच्या कडा बोटानं चाचपायच्या, गंज तिथंच लपतो. मीटरवर किलोमीटर कमी आन् ब्रेक पेडलचं रबर मात्र गुळगुळीत, तर मीटर खोटं बोलतंय. रबर खोटं बोलत नाय.

डोळे दुखले. पण मजा आली.

१५ मार्च, रविवार
तीन गाड्या पाहिल्या, तिन्ही सोडल्या.

आमच्या बापाचा एक नेम होता. जनावराचं दावं दुसऱ्याच्या हातात द्यायच्या आधी खोड सांगायची. ही शेळी धार काढताना लाथ मारते. हा बैल पाण्याला बुजतो. ऐकूनही घेतो म्हणाला तरच दावं सोडायचं. स्वतः घेताना पहिला सवाल, खोड काय? समोरचा "काय नाय" म्हणाला की पुढं चालायचं. बिनखोडीचं जनावर देवानं केलंच नाय, म्हणायचा.

तोच सवाल आज जालना रोडच्या दुकानदाराला केला. तो हसला. "काका, ही गाडी हाय, म्हैस नाय. एकदम शोरूम कंडिशन." पिंकीच्या खेळण्यातलं लोहचुंबक नेलं होतं, ते दाराला लावलं. चिकटंना. रंगाखाली पुट्टी थापलेली. दुसरीची चटई उचलली तर खाली पत्र्याची चाळण. तिसऱ्याची गाडी बरी होती, पण खोड विचारली तर काय नाय म्हणून बापाची शपथ घेतली. एवढ्यासाठी बाप कशाला मधी आणायचा?

संतोष : "अण्णा, अशानं तुम्हाला गाडी मिळणार नाय, पोलिसात नोकरी मिळंल."

१७ मार्च, मंगळवार
सिडकोत एक निवृत्त मास्तर. गाडी राखाडी, मॉडेल असं की रस्त्यावर दर चौथी तीच. आता डोळ्यांनी साथ सोडली म्हणून विकतायत. विचारलं, सर, हिची खोड काय? त्यांनी आतून बाईंना हाक मारली, "अगं, गाडीचं काय काय आहे ते सांग यांना."
बाई पदराला हात पुसत आल्या. मागची डावी काच अर्ध्यावर अडकते. पावसात डिकीत पाणी येतं. "आणि हे गाडी चालवताना मोठ्यानं पाढे म्हणतात."
"ती गाडीची खोड नव्हे," सर म्हणाले. मग थांबून, "एक मोठी आहे. कडक उन्हात तासभर चालली की कधी कधी चालता चालता बंद पडते. दहा मिनिटं थांबलं की चालू, जसं काही झालंच नाही. दोन मेकॅनिकना दाखवली, त्यांच्यासमोर पडत नाही."

मी उठलोच होतो. सगळ्या खोडींत नेमकी हीच. पण बाकी गाडी हाताखालून घातली तर काय सांगू. कडा कोऱ्या, इंजिन शांत, ऑइल मधासारखं. आन् माणूस खरं बोलणारा. कळलेली खोड दुरुस्त होते, असं मनाला समजावलं. सरांना हो म्हणालो.

१९ मार्च, गुढीपाडवा
गाडी दारात आली. कारभारणीनं आरशाला साखरेची गाठी बांधली, पिंकीनं हॉर्न वाजवून गल्ली उठवली. क. उंबऱ्यातच उभी. मग आली, चाकाला कुंकू लावलं, आन् दार उघडून आत बसली. स्टेअरिंगच्या बाजूला. वर्षात पहिल्यांदा. दोन्ही हात स्टेअरिंगवर.

तिथून विचारलं, "मामा, तुम्ही सगळ्यांना विचारत फिरलात. हिची खोड काय?"
मी म्हणालो, "काय नाय."

लिहून ठेवतो. मी म्हणालो, काय नाय.
तिचे हात स्टेअरिंगवर होते. खरं सांगितलं असतं तर ते खाली आले असते. पण

२२ मार्च, रविवार
रशीदभाईच्या गॅरेजला नेली. गेटवर होतो तेव्हापासूनची ओळख. सगळं ऐकून म्हणाला, "चच्चा, सेन्सर है. गरम हुआ के सो जाता. नवा डाल देतूं, टेन्शन नक्को." टाकला. मागची काचही नीट केली.

संध्याकाळी एमआयडीसीतल्या मोकळ्या प्लॉटवर क.ची पहिली शिकवणी. पाच वेळा झटका देऊन बंद केली. प्रत्येक वेळी माझ्याकडं बघायची. मी खिडकीतून बाहेर बघायचो. शिकणाऱ्याकडं बघू नये, तो घाबरतो. सहाव्यांदा सुटली, आन् प्लॉटला दोन फेऱ्या.

उतरताना म्हणाली, "मामा, मधी रस्त्यात बंद पडली तर?"
"बंदबिंद पडत नाय."
हे दुसऱ्यांदा.

२ एप्रिल, गुरुवार
आज क.नं तीसगावपर्यंत नेली आन् आणली. ट्रक मागं लागला तसे खांदे वर गेले, पण डाव्या बाजूनं नीट चालवत राहिली. चौकातल्या रिक्षावाल्यानं हॉर्नवर हॉर्न दिला तर काच खाली करून त्याला, "दादा, उडून जाऊ का?" मी हसून हसून खोकलो. घरी येऊन उजव्या हातानं भाकरी थापली. कारभारणीनं मला कोपर मारलं, बघा म्हणून. मी बघितलंच होतं.

पत्र डब्याखालून निघून देव्हाऱ्यात गेलंय.

९ एप्रिल, गुरुवार
क. कालपासून फुलंब्रीला, तिच्या आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. पंधरा-वीस दिवस राहणार. म्हणलं तेवढ्यात गाडी नीट पारखू. भर बाराला एकटा निघालो, बिडकीनला जाऊन परत. जाताना मस्त. येताना फाट्याच्या अलीकडं, चढावर, एकदम गप्प. मीटरवर लाल दिवे लागले, स्टेअरिंग दगडासारखं जड. मागं उसाचा ट्रॅक्टर. कशीबशी कडेला घेतली.

बाभळीखाली बसलो. सावली नावालाच. दहा मिनिटांनी किल्ली फिरवली तर चालू, गरीब गाईसारखी.
माझ्या जागी ती असती तर. तिला सांगितलेलं असतं तर निदान माहीत तरी असतं. मी तिला डोळ्यावर पट्टी बांधून रस्त्यावर सोडत होतो, आन् वरून म्हणत होतो की शिकवतोय.

१० एप्रिल, शुक्रवार
रशीदभाईला उन्हातच बोलावलं. तापलेल्या इंजिनात अर्धा तास डोकं घालून होता. मग बोटानं दाखवलं, सेन्सरकडं जाणारी एक वायर गरम पाइपाला टेकलेली, वरचं प्लास्टिक वितळलेलं. तापली की आतली तार सुटायची, थंड झाली की जुळायची. "माफी चच्चा. पुर्जा बेकसूर था, वायर मरेली थी." नवी टाकली, पाइपापासून लांब बांधली, वर जाड नळी चढवली.
विचारलं, आता खात्री?
"मेरेकू है. मगर तुम चलाके देखो."
खात्री असूनही चालवून बघा म्हणतो. माणूस चांगलाय.

१५ एप्रिल, बुधवार
शनिवार, सोमवार, आज. तिन्ही दिवस भर दुपारी बिडकीनच्या फेऱ्या, दीड-दीड तास, चढावर मुद्दाम हळू. एकदाही नाय.

आज प्लॉटवर आणखी एक केलं. चालत्या गाडीत स्वतःच इंजिन बंद करून बघितलं, आठ-दहा वेळा. पहिल्यांदा घाबरलो. चौथ्यांदा कळलं की गाडी लगेच थांबत नाय, पुष्कळ अंतर देते. तेवढ्यात कडेला जाता येतं. कुणी हे आधी का नाय सांगितलं?

१७ एप्रिल, शुक्रवार
रात्रीच्या जेवणाला विषय काढला. क.ला सांगायचं का?
संतोष : "झालं की दुरुस्त. आता कशाला उकरता? एक शब्द बोललात तर ती परत बसायची नाय. नोकरी गेली समजा."
खोटं नाय त्याचं.
कारभारीण ताटातून मान वर न करता, "मला लग्नात सांगितलं होतं, पोरगा घोरत नाय. चाळीस वर्षं झाली. घोरण्याचा राग नाय मला, सांगितलं नाय त्याचा हाय."
संतोष उठून हात धुवायला गेला.

फोनवर सांगणार होतो. नंबर लावला आन् तिच्या आईच्या डोळ्यांची चौकशी करून ठेवला. तोंडानं मला जमत नाय, हे खरं. लिहून जमतं.

१९ एप्रिल, रविवार
चि. कविता,
ही वही तुझ्या आत्याबरोबर, आमच्या कारभारणीबरोबर पाठवतोय. उद्या सकाळच्या एसटीनं ती फुलंब्रीला येतेय, तुझ्या आईला बघायला. पिशवीत कुरडयांच्या खाली आहे. वही माझी एकट्याची होती, कुणाला दाखवली नाय आजवर. आधी सतरा मार्च वाच, मग पाडवा, मग नऊ एप्रिल. बाकीचं वाचलंस तरी चालंल, जिलेबीचं सोडून.

तू सरळ विचारलंस आन् मी खोटं बोललो. दोनदा. ज्या उत्तरासाठी मी दुकानदारांना सोडलं तेच मी तुला दिलं. माफ कर म्हणत नाय, ते तू ठरव.

आता आहे तसं सांगतो. गाडी उन्हात बंद पडायची. कारण सापडलं, वायर बदलली. त्यानंतर तीन दुपारी नेली, पडली नाय. चौथ्या दुपारचं मी शपथेवर सांगू शकत नाय, रशीदभाईही नाय. तू आलीस की भर उन्हात आपण दोघं जाऊ, तू म्हणशील तितक्या दुपारी.

पडलीच तर एवढं कर. किल्ली काढू नको, स्टेअरिंग लॉक होतं. क्लच दाब आन् गाडी घरंगळू दे, ती लगेच थांबत नाय. चारी इंडिकेटर लाव. स्टेअरिंग जड होतं पण वळतं, दोन्ही हातांनी ओढ. ब्रेक टोचून टोचून मारू नको, एकदाच दाबून धर. डाव्या कडेला थांबली की उतरून गाडीपासून लांब उभी राहा. हे मी प्लॉटवर स्वतः करून पाहिलंय. तुलाही शिकवीन, आधी तू बघ, मग तू कर. तुझ्या स्कूटीच्या वेळी हे कुणी शिकवलं असतं तर.

ऐकून तू नको म्हणालीस तर नको. दवाखान्याला मी स्वतः जाऊन सांगीन की सासऱ्याची चूक आहे, पोरीची नाय. संतोष काय बोलंल ते मी बघतो. पण घ्यावीशी वाटली तर म्हणून, आज गाडी धुवून फाटकात उलटी लावून ठेवलीय, तोंड रस्त्याकडं. रिव्हर्स घ्यायला तुला अजून आवडत नाय ना.

मागची दोन पानं कोरी सोडलीत. वाचून झालं की तिथंच लिही, व्हय का नाय, रागावली असशील तर तेही. आत्या मंगळवारी दुपारच्या गाडीनं परत निघतेय, तिच्याचबरोबर धाड. लवकर लिही, पोरी. मी स्टँडवर येऊन उभा राहतो.