गोसलांच्या भाल्यावरची बाही

३ मे
महिनाअखेरीस भाल्यांचे सामने. माझा नवरा हयात होता तेव्हापासून सरदार गोसलां दरवर्षी माझ्याच झग्याची बाही मागून नेतो आणि भाल्याला बांधून मैदानात उतरतो. ज्या बाईसाठी लढायचं, तिची बाही भाल्यावर; रीत अशी की त्याने मागायची आणि मी आढेवेढे घ्यायचे. आपणहून द्यायची नाही. त्र्वाच्या बाजारातून लाल रेशीम मागवलंय, ते सहजच.

७ मे
आला नाही. घोडा लंगडत असेल. शेजारच्या गढीत ओरिआबेल नावाची नवी सून आली आहे. खूप हसते. मठात शिकली असती तर मदर एडविजनी दोन दिवसांत हसू थांबवलं असतं. माझं थांबवलं होतं. मला तिच्याबद्दल काहीएक वाटत नाही.

१० मे
चर्चमध्ये तिच्या बाह्या पाहिल्या. निळ्या, जमिनीवर लोळणाऱ्या. माझी दासी एर्सां म्हणाली, "काय शोभतात नाही, बाईसाहेब!" एर्सांला आज चीज दिलं नाही. उपास प्रकृतीला चांगला.

१४ मे
गोसलां आला! बराच वेळ उजव्या गुडघ्याबद्दल बोलला. पूर्वी चंद्राबद्दल बोलायचा. बाहीचं नावही काढलं नाही. लाजतोय बिचारा. लाल रेशमाची बाही शिवून तिला आतून लोकर लावली. रेशमाला बळकटी येते.

२२ मे
बाही एर्सांबरोबर पाठवली. याला आपणहून देणं म्हणत नाहीत. विसरला असता तर त्यालाच वाईट वाटलं असतं. निरोप आला, "नेमकं हवं तेच पाठवलंत. माझं दुखणं तुमच्याशिवाय कुणाला कळणार?" दुखणं! म्हणजे मनाचंच.

२९ मे, सामने
भाल्यावर निळी बाही. ओरिआबेल माझ्याच शेजारी बसली होती. म्हणाली, "त्यांनी मागितली हो, काकू. म्हाताऱ्या माणसाला नाही कसं म्हणायचं?"
काकू!
तो पडावा अशी प्रार्थना मी केली नाही. पहिल्याच फेरीत पडला. निळी बाही चिखलात. मी धावले. चिलखत काढलं तर उजव्या गुडघ्याला माझी लाल बाही गुंडाळलेली, लोकर आतल्या बाजूला. चिखलातूनच म्हणाला, "बाईसाहेब, पडलो, पण गुडघा जराही ठणकला नाही! डाव्यासाठीही एक पाठवा की."

३० मे
निळी बाही वाऱ्यावर फडफडत होती, साऱ्या गावाने पाहिली. पण अंगाला लागून कुणाची होती?
दुसरी बाही शिवायला घेतली. एवढ्यात त्याचा निरोप घेऊन एर्सां आली: रेशीम घसरतं, नुसती लोकरच द्या.
रेशीम उसवलं. शिवण मात्र लाल धाग्याची घालतेय. चिलखताखाली कुणाला दिसणार नाही.