लाफानच्या जवळून चार वेळा

मी अगेमाख, एखेमाचा धाकटा मुलगा, राहणार क्लेइतोर, वय चौसष्ट. पंधरवड्यापासून पाय गेले आहेत, डोके शाबूत आहे. कोणाच्याही दडपणाखाली न येता हे लिहवून घेत आहे. बरा झालो तर हा कागद रद्द. पण मी बरा होणार नाही.

कलम १. राहते घर आणि उतारावरची ऑलिव्हची अकरा झाडे माझा दिवंगत थोरला भाऊ लाफान याची मुलगी फिलिन्ना हिला. गेल्या वर्षी पाठवलेला तेलाचा बुधला तिने उंबऱ्यावरूनच परत केला होता. घरही नाकारले, तर गावाने तिथे मेंढरे बांधावीत.

कलम २. अंगावरचे तेल खरवडायची काशाची पट्टी मित्र देक्सियास याला. उस्ताद सोसान्द्र याला काहीही नाही. तो मेला आहे, तरी लिहावे. पळताना इकडेतिकडे बघायचे नाही, हे त्याने शिकवले आणि मी शिकलो.

कलम ३. हे मालमत्तेचे नाही. ऑलिंपियाच्या लांब धावेत आम्ही दोघे भाऊ होतो. ही धाव एकाच मैदानात जाऊन-येऊन असते. ऊन मरणाचे होते. पुढे असलेला दादा मध्यावर कोसळला. पहिल्यांदा जवळून गेलो तेव्हा तो म्हणाला, "धाकट्या, पाणी." दुसऱ्यांदा त्याने नुसते माझ्याकडे बघितले. चौथ्यांदा त्याच्या उघड्या डोळ्यांत माती होती. मुकुट मला मिळाला. गावाने पुतळा उभारला, नगरगृहात जन्मभराचे जेवण दिले, मी जेवलो. मेलित्तावहिनींना मी सांगितले, त्याच्या जवळून एकदाच गेलो, तो पडलाय हे कळलेच नाही.

गेल्या महिन्यात काठी टेकत त्यांच्याकडे गेलो. खरे सांगितले आणि दादाशेजारी पुरण्यापुरती जागा मागितली.

लोकर पिंजता पिंजता त्या म्हणाल्या, "चार वेळा. मला त्याच साली कळलं होतं, भावोजी. तुम्ही कधी सांगता म्हणून चाळीस वर्षं थांबले."

आता तरी, असे मी म्हणालो.

"आता काय? त्यांच्या शेजारची जागा माझी आहे."

कलम ४. मला गावाबाहेर कुठेही पुरावे. दगडावर माझे व वडिलांचे नाव असावे. 'विजेता' लिहू नये.

हे वाचून देक्सियास म्हणाला, गावच्या पंचांनी माझा दगड आधीच घडवून घेतला आहे, तो शब्दही कोरून झाला. "मान गावाचा आहे रे, तुझ्या एकट्याचा नाही."

तरीही कलम खोडू नये.

साक्षीदार : देक्सियास, फिलोनचा मुलगा (सही)
हागियास, तिमोनचा मुलगा (सही)
लिहून देणार : अगेमाख (अंगठीचा ठसा)

क्लेइतोर. सोस्त्रात पुजारी असतानाचे वर्ष, द्राक्षतोडणीचा महिना, तिसरा दिवस.