भाताचं शीत लावलेली सोंगटी

३ एप्रिल

आधी आला तो जाडा मुरोई. बूट निघेनात म्हणून उंबऱ्यावर बसून लहान पोरासारखा पाय झाडत होता. मागून काडीसारखे कर्नल कुसाका आले आणि म्हणाले, "मुरोई, अख्खी फौज मागे घेता येते, तुझा पाय येत नाही!" मी हसले ती हसतच सुटले.

एवढी मोठी माणसं! लढाई पुढं कशी लढायची ते आता या रेशीमकिड्यांच्या घरात बसून ठरणार, आणि त्यांना रांधून घालणार कोण, तर मी! या घराचे मालक बहिणीकडे राहायला गेलेत. मी कालच खालच्या गावाहून आले, एक बोचकं आणि इसाबुरोची शाळेतली वही घेऊन. तिच्यातच लिहितेय. अक्षरं त्यानंच शिकवली, वाकडी असली तर त्याला बोला.

इसाबुरो माझा नातू, वीस वर्षांचा, दक्षिणेच्या कुठल्याशा बेटावर. अकरा महिने पत्र नाही. म्हणून रोज त्याचं सावलीचं ताट मांडते. परगावी गेलेल्या माणसाला तिकडं उपास पडू नये म्हणून. गरम भात, सार, मुळ्याचं लोणचं. भातावर झाकण. झाकणाला आतून थेंब आले की माणूस जिवंत. आज कसे टपोरे होते!

२१ एप्रिल

माडीवरच्या किड्यांच्या परड्या हलवून तिथं नकाशा अंथरलाय, चार चटयांएवढा. त्यावर लाकडी सोंगट्या. दिवसभर टक, टक. तुतीच्या पानांचा वास मात्र जात नाही, कितीही पुसा.

कर्नलांनी एक सोंगटी दाखवली. "ही तुझ्या नातवाची पलटण, आजी." झाडताना ओळखू यावी म्हणून मी तिला भाताचं शीत चिकटवलं. म्हटलं, साहेब, जरा इकडं सरकवा की. मुरोई म्हणाला, "आजी, उद्या तुलाच सेनापती करतो!" कर्नल हसले नाहीत. म्हणाले, सोंगटी हलली की हुकूम सुटतो, आणि हुकूम सुटला की माणसांना निघावंच लागतं.

९ जुलै

झाकण कोरडं.

तीनदा भात बदलला. वाफ येत होती, तरी कोरडं. रडत माडीवर गेले. कर्नल म्हणाले, त्या बेटावरून महिनाभर काही कळलेलं नाही. म्हटलं, मग सोंगटी अजून तिथंच कशी? तर म्हणाले, "गेलेल्या सगळ्या उचलल्या तर नकाशावर उरेल काय, आजी?" आणि चहा मागितला.

म्हणजे मेलेल्यांना घेऊनच लढाई आखताहेत हे.

१० जुलै

झाडता झाडता शिताची सोंगटी सरकवली. समुद्र ओलांडला, डोंगर ओलांडले, आणली या घरापर्यंत. मला वाटलं, ओरडतील. कर्नलांनी नुसतं पाहिलं, काहीतरी लिहिलं, मुरोईनं शिक्का मारला.

दुपारी झाकण ओलं! मी परसात जाऊन नाचले, या वयात.

१६ ऑगस्ट

काल सम्राट स्वतः रेडिओवर बोलले. आपण हरलो. साहेबांनी अंगणात सगळं जाळलं, नकाशा, सोंगट्या, कागद. मी जळताना पाहिलं. मग दोघं गणवेश घालून टेकडीकडं गेले. जाताना कर्नल वाकून म्हणाले, आखणी अपुरी राहिलीय, शरदातल्या हिगानच्या सणाला परत येऊ, जेवण तयार ठेव. मी म्हटलं, साहेब, त्या दिवशी लोक थडग्यांवर जातात. मुरोई म्हणाला, "म्हणून तर!"

परगावी गेलेली माणसं ती. त्यांचीही ताटं मांडली. तिन्ही झाकणं ओली.

४ सप्टेंबर

शेजारची सोए आली. म्हणाली, तुझे साहेब त्याच दिवशी टेकडीमागं मेलेले सापडले, आपल्याच हातांनी गेले. ताटं पाहून पांढरी पडली. "अगं, मेलेल्याला कुणी सावलीचं ताट मांडतं का? परत यायची वाट दाखवल्यासारखं होतं ते! भांडी पालथी घाल."

म्हटलं, इसाबुरोचंही?

"त्याचं आधी."

मी तिला हाकलून दिली.

१२ सप्टेंबर

भर दुपारी माडीवर टक. टक.

चढले. नकाशा — जाळला होता ना, माझ्यासमोर — अंथरलेला. कडा राखेच्या. शिताची सोंगटी आमच्या दारात. तिच्यामागं दुसऱ्या, थेट समुद्रापर्यंत रांग. पाणी ठिबकतंय त्यांच्यातून.

१९ सप्टेंबर

आज नवी सोंगटी. आमच्या शेजारी. सोए सकाळी उठलीच नाही.

अजून नव्या आल्यात, गावातल्या एकेका घरावर एकेक. मेलेले पुरत नाहीत त्यांना —

भांडी पालथी घालायला बसले. साहेबांची दोन घातली. वर टकटक थांबली. तिसऱ्यावर हात ठेवला. घालायचंच होतं. गाव वाचलं असतं. झाकण उचलून पाहिलं मात्र — थेंब, इतके टपोरे —

नाही घातलं.

वळून बघते तर ती दोन्ही पुन्हा उताणी. भात भरलेला.

तारीख घालत नाही. घातली की हिगानचा दिवस आला असं होईल.

उंबऱ्यावर कुणीतरी बूट झाडतंय.

मागं खूप पावलं. ओली.

इसाबुरो म्हणतोय, आजी, भूक लागली. आवाज त्याचाच. दार मी अजून — त्याचाच आहे आवाज —

मघाशी माझ्या भातावर झाकण ठेवलं होतं. उगाच. गरम भात, चुलीवरचा.

कोरडं.

कर्नल आत आले. दार मी उघडलं नाही. म्हणाले, पलटण मोठी आहे, रांधायला कुणी हवंच. विचारलं, साहेब, किती जणांचा भात टाकू? ते म्हणाले, "पलटणीचा, गावाचा आणि तुझा, आजी."