सेहेचाळीस सॉरी आणि एक

लार्कमीड, सस्कॅचेवान
रविवार, १५ मार्च

प्रिय व्हेल्मा मावशी,

आधी घडलं ते, घडलं त्या क्रमाने:

१. शनिवार, ७ मार्च. कर्लिंग क्लबच्या महिला चषकाचा अंतिम सामना. आठवा डाव, म्हणजे शेवटचा. तुमचे सहा, आमचे सहा.
२. वर्तुळाच्या मधल्या ठिपक्याला सगळ्यात जवळ तुमचा दगड होता. सोडायचा एकच दगड राहिला होता, तो आमचा. तो नॅडीनने सोडला.
३. बर्फावरून सरकत येणाऱ्या त्या दगडापुढे, तो लांब जावा म्हणून, मी आणि जोझी झाडू घासत होतो. तू तुमची कप्तान म्हणून वर्तुळामागे झाडू घेऊन उभी होतीस.
४. वर्तुळाच्या साधारण एक मीटर अलीकडे माझा झाडू चालत्या दगडाला लागला.
५. मी म्हणाले, "सॉरी."
६. तू म्हणालीस, "सॉरी."
७. दगड थांबला. मोजपट्टी आणली. आमचा दगड तुमच्यापेक्षा नखाच्या जाडीएवढा जवळ निघाला. आम्ही एका गुणाने जिंकलो.
८. झाडू लागला होता, हे मी त्या दिवशी कुणालाही सांगितलं नाही.

आता रीतीप्रमाणे. तुझी तब्येत कशी आहे? नवा गुडघा जुन्या गुडघ्याशी जुळवून घेतो आहे का? कोंबड्यांनी अंडी द्यायला सुरुवात केली असेल, दिवस मोठा झाला आहे. आई बरी आहे. मी बरी आहे. माझ्या ट्रकची बॅटरी बरी नाही, पण तिने तसं स्पष्ट सांगितलं आहे, त्यामुळे तिच्याविषयी माझी तक्रार नाही.

तुझं शेत माझ्या घरापासून सहा किलोमीटरवर आहे आणि हे पत्र रेजायना शहरातल्या मुख्य टपालात जाऊन तिथून उलटं तुझ्याकडे येईल, हे मला माहीत आहे. फोन करता आला असता. पण आपण दोघींनी फोनवर पहिल्याच मिनिटात काय केलं असतं ते सांगते. तू म्हणाली असतीस, सॉरी, मी कोंबड्यांपाशी होते, उशिरा उचलला. मी विषय काढला असता, तर तू म्हणाली असतीस, सॉरी, जरा मोठ्याने बोल. मग मी झाडूचं सांगितलं असतं आणि तू म्हणाली असतीस, अगं सॉरी कसलं त्यात. विषय संपला असता, आणि नेमकं काय संपलं ते दोघींनाही कळलं नसतं. कागदावर निदान मला मध्येच कुणी अडवत नाही.

या शब्दाविषयी मला थोडं लिहायचं आहे. (थोडं म्हणजे बरंच. बटाट्याची पिरोगी कढईत असेल तर ती आधी उतरव.)

मागच्या महिन्यात, साखळी सामन्यांच्या रविवारी, मी क्लबात काचेमागे बसून दुपारी बारा ते चार या वेळात कानावर पडलेले सॉरी मोजले. सेहेचाळीस भरले. त्यांतले एकोणीस वाट काढण्यासाठी होते. अकरा समोरच्याचं ऐकू न आल्याबद्दल. सहा जणांना दुसऱ्याने धक्का दिला होता आणि सॉरी धक्का खाणाऱ्यांनी म्हटलं. (धक्का देणाऱ्यांनीही म्हटलं, ते मी वाट काढण्यात धरले.) चार सॉरी भांडणाची सुरुवात होते, म्हणजे "सॉरी, पण" या जातीचे, त्यातल्या "पण"नंतर जे येतं त्याबद्दल बोलणाऱ्याला तिळमात्र खेद नसतो. तीन नकार होते. दोन पाईचा शेवटचा तुकडा उचलताना, आणि दोन्ही तुकडा उचलल्यावर. राहिला एक. तो बर्फ राखणाऱ्या ऑर्व्हिलचा. बर्फ गुळगुळीत करण्याचं यंत्र भिंतीला घासलं तेव्हा तो यंत्राला सॉरी म्हणाला. मी विचारलं, तर म्हणाला, "मग काय भिंतीला म्हणू? भिंत मध्ये आली होती!"

तू स्वतः कोंबडी उचलण्याआधी तिला सॉरी म्हणतेस, मी पाहिलं आहे. ते सेहेचाळिसात धरलेलं नाही.

मी हा शब्द वापरत नाही, यावरून गावात माझ्याविषयी काय बोलतात तेही मला ठाऊक आहे. दुकानाच्या दारात समोरासमोर आलं की मी बाजूला होते आणि गप्प राहते. बाजूला होणं पुरेसं आहे असं मला वाटतं; नॅडीनच्या मते त्या वेळी मी पोलिसासारखी दिसते. माझं काम तुला माहीत आहे. धान्याच्या कोठारांवर ट्रक तोलायचे काटे असतात, ते बरोबर आहेत की नाहीत हे मी तपासते. माझ्या ट्रकमध्ये वजनं आहेत, आणि ती वजनं तपासायची वजनं कार्यालयात मखमलीच्या पेटीत आहेत. त्यांना हातमोजे घातल्याशिवाय कुणी हात लावत नाही. रोज वापरली तर ती झिजतील, आणि मग सगळ्या जिल्ह्यात एक किलो म्हणजे किती हे सांगायला कुणी उरणार नाही. मी सॉरी तसं ठेवलं होतं. पेटीत. लागेल तेव्हा अचूक असावं म्हणून.

याची सुरुवात कुठून झाली ते तुला आठवत असेल. बाबा गेले तेव्हा मी अकरा वर्षांची होते. चर्चच्या तळघरात मी आईशेजारी उभी होते आणि सगळं गाव एकेक करून पुढे येऊन माझा हात धरून सॉरी म्हणत होतं. मला त्या वेळी या शब्दाचा एकच उपयोग माहीत होता, तो म्हणजे शाळेतला. म्हणून मी प्रत्येकाला विचारत होते, "तुम्ही काय केलंत?" आईने दोनदा दंडाला चिमटा काढला. लोक गडबडून पुढे सरकत होते, कोबीच्या रोलच्या दिशेने. तू आलीस, सॉरी म्हणालीस, मी तुलाही विचारलं. तू पुढे सरकली नाहीस. म्हणालीस, "काही नाही केलं गं. करता आलं असतं तर केलं असतं." त्या दिवशी मला मिळालेलं ते एकच उत्तर. त्यानंतर हा शब्द सैल हाताने वापरणं मला जमलं नाही.

आता चार आणि पाच या क्रमांकांकडे येते.

झाडू लागला तर काय करायचं हे मला तूच शिकवलंस. मी नऊ वर्षांची होते, झाडू माझ्याहून उंच होता. इथे पंच नसतो, तू म्हणालीस, इथे ज्याचा झाडू लागतो तोच सांगतो. हात वर करायचा, "लागला" म्हणायचं, दगड थांबेपर्यंत कशाला शिवायचं नाही, आणि पुढचं समोरच्या कप्तानावर सोडायचं. तिला वाटलं तर ती दगड बाहेर काढेल, वाटलं तर राहू देईल. आपण मत द्यायचं नाही. हे तू इतक्या वेळा सांगितलंस की माझ्या धाकट्या मावसभावाने एकदा जेवताना चमचा पडला तेव्हा हात वर करून "लागला" म्हटलं होतं.

मी हात वर केला नाही. "लागला" म्हटलं नाही. मी सॉरी म्हटलं. का, याचा मी आठवडाभर विचार केला आहे. त्या अर्ध्या सेकंदात मला "लागला" हा शब्द अपुरा वाटला. तुझा हा शेवटचा सामना होता. अडतीस वर्षं तू या चषकासाठी खेळलीस, पाच वेळा अंतिम फेरीत आलीस, आणि त्यावरच्या पितळी पट्ट्यांवर तुझं नाव एकदाही नाही. अशा वेळी मी माझ्याजवळचं सगळ्यात जड वजन बाहेर काढलं. पेटी उघडली, हातमोजे घातले, आणि ते बर्फावर ठेवलं. आणि ते सत्तेचाळिसावं सॉरी म्हणून मोजलं गेलं. जोझीला वाटलं मी तिच्या वाटेत आले. नॅडीनला वाटलं मी उशिरा घासायला लागले. तू सॉरी म्हणालीस आणि एक पाऊल मागे सरलीस.

इथपर्यंत मी गावाला दोष देऊ शकते, आणि या पत्राच्या पहिल्या खर्ड्यात तो दोन पानं दिला होता. पण क्रमांक आठ उरतोच. दगड थांबल्यापासून मोजपट्टी येईपर्यंत दीड मिनिट गेलं असेल. माझा शब्द कुणी ऐकलाच नाही, हे मला त्यातल्या पहिल्या दहा सेकंदांत कळलं होतं. उरलेल्या ऐंशी सेकंदांत मी हात वर करू शकले असते. मी मोजपट्टीकडे बघत राहिले. मला जिंकायचं होतं. इतकं जिंकायचं असतं हे मला माझ्याविषयी माहीत नव्हतं. हा सॉरीचा दोष नाही, गावाचाही नाही.

नंतर आपण सगळ्या वरच्या मजल्यावर गेलो, आणि जिंकलेल्यांनी हरलेल्यांना पाजायचं या नियमाने मी तुझ्यासाठी राय व्हिस्की आणली. तू ग्लास घेतलास आणि म्हणालीस, "काय गं मॅरेन, चेहरा असा का? मी मेले नाहीये, फक्त हरलेय." सगळ्या हसल्या. नॅडीन माझ्या पाठीत गुद्दा घालून म्हणाली, "हस की बाई जरा! हिला चषक दिला काय आणि नोटीस दिली काय, एकच!" मी हसले. तेही तू पाहिलंस.

बुधवारी मी नॅडीनला सांगितलं. ती गोठ्यात होती, दूध काढण्याचं यंत्र चालू होतं, त्यामुळे मला दोनदा ओरडून सांगावं लागलं आणि चार गाईंना तिच्याआधी कळलं.

"पण तू सॉरी म्हणालीस ना?" ती म्हणाली. "मी स्वतः ऐकलं. मग झालं की!"

मी म्हटलं, "ते कशाबद्दल होतं हे कुणाला कळलं का?"

"ते कुणाचं कळतं?" ती म्हणाली. मग यंत्र बंद केलं, बादलीवर बसली आणि ओले हात पुसले. म्हणाली, "व्हेल्माला विचार. तिचा हक्क आहे तो, माझा नाही. ती म्हणेल ते मला मान्य. पण सॉरी, चषक परत करताना तू एकटीने जायचं, मला रडायला येतं." (हे "सॉरी, पण" नव्हतं. "पण सॉरी" होतं. याची वेगळी नोंद करायला हवी.)

म्हणून हे पत्र. चषक शुक्रवारी, २७ मार्चला, नावं कोरायला जाणार आहे. त्यावर कुणाची नावं जावीत हे नियमाने तू ठरवायचं आहेस. ते तू सामन्यातच ठरवायला हवं होतं, पण मी तुला विचारलंच नाही.

तुझी,
मॅरेन

ता. क. १. मंगळवारी ऑर्व्हिलकडून किल्ली घेऊन मी वीस दगड सोडले. दहांना झाडू लावला, दहांना नाही. (लावायला आईला नेलं होतं. ती प्रत्येक वेळी दगडाला सॉरी म्हणाली.) लागलेले दगड सरासरीने चार सेंटीमीटर अलीकडे थांबले, पण न लागलेल्यांतही एकमेकांत तीस सेंटीमीटरचा फरक होता. म्हणजे लागला नसता तर काय झालं असतं हे सांगता येत नाही. असं उत्तर मी कामावर दिलं असतं तर साहेबांनी परत पाठवलं असतं.

ता. क. २. वर पाच आणि सहा हे क्रमांक मी आठवणीप्रमाणे लिहिले. आज पत्र बंद करताना ते क्षण पुन्हा मनात चालवून पाहिले आणि मला आता खात्री नाही. मला वाटतं, तुझं सॉरी आधी आलं. तसं असेल तर ते माझ्या सॉरीला दिलेलं उत्तर नव्हतं, झाडू लागलेला पाहून निघालं होतं. तू मागे सरण्याआधी माझ्या झाडूकडे पाहिलंस. तुमच्यातली तू सगळ्यात जवळ होतीस, तुझी नजर दूरची चांगली आहे, आणि दगड राहू द्यायचा हक्क तुझाच होता. तू पाहून तो राहू दिला असशील, तर निकाल तोच ठरतो आणि मी तो मान्य करीन. पण तसं असेल तर मला ते कळलं पाहिजे, कारण मग ग्लास माझ्या हातातून घेताना तुला माहीत होतं, आणि मी ऐंशी सेकंद गप्प राहिले हेही तू मोजलं होतंस.

ता. क. ३. या पत्रात तो शब्द किती वेळा आला ते तू मोजणार नाहीस, मी मोजीन. पण तुला उद्देशून तो एकदाही लिहिलेला नाही. तो मी तुझ्या अंगणात येऊन, हात वर करून म्हणणार आहे. तू लगेच उलट सॉरी म्हणू नकोस. मी चर्चच्या तळघरात विचारलं होतं तसं विचार: "काय केलंस?"

सोबत तिकीट लावलेलं पाकीट आहे. तू पाहिलं होतंस की नाही, आणि चषकावर कुणाची नावं कोरायची, या दोन गोष्टी लिहून बुधवार, २५ मार्चपर्यंत मला मिळेल असं उत्तर पाठव.